घर रविवारी पाहिलंत, आता मंगळवारी पाहा

प्रिय ताई,

शहराच्या मध्यावर दोन खोल्यांच्या भाड्याच्या घरात आम्ही चौघं राहतो. मी, नवरा, ७ वर्षांची मुलगी आणि ७४ वर्षांच्या सासूबाई. माझं ऑफिस ६ किलोमीटरवर, नवऱ्याचं त्याच्याही अलीकडे. मुलगी शाळेत चालत जाते. सासूबाई रोज सकाळी कोपऱ्यावरच्या वाचनालयात जाऊन वर्तमानपत्रं वाचतात. पण घर फार लहान पडतं. मुलीच्या अभ्यासाचं टेबल ठेवायला जागा नाही आणि भाडं दर वर्षी वाढतं.

शहरापासून ३१ किलोमीटरवर एक नवी वसाहत उभी राहते आहे. तिथे दुप्पट मोठं घर आमच्या आवाक्यात बसतं. गॅलरीतून नजर पोहोचेल तिथवर शेतं दिसतात. रविवारी बघायला गेलो, ५० मिनिटांत पोहोचलो. नवऱ्याने तिथल्या तिथे मन पक्कं केलं. आठपदरी रस्ता होणार आहे, मग शहर अर्ध्या तासावर येईल, असं विक्रीवाले सांगतात. माझं मन मात्र मानत नाही, आणि का मानत नाही ते मला धड सांगताही येत नाही. शिवाय शहरं अशी पसरतात म्हणून शेतं आणि तळी संपतात, हे सारखं वाचनात येतं. त्यात आपणही भर घालायची का, हा सलही आहे. पैसे भरायला महिन्याभराची मुदत आहे. काय करू?

एक वाचक

तुमचं पत्र मी दोनदा वाचलं. मन का मानत नाही ते सांगता येत नाही, असं तुम्ही म्हणता, पण ते तुम्ही सांगून गेला आहात. आत्ताच्या घराबद्दल लिहिताना खोल्यांचा उल्लेख एका शब्दात उरकलात आणि मग कोण कुठे जातं ते लिहिलंत. मुलगी चालत शाळेत जाते, सासूबाई चालत वाचनालयात जातात. नव्या घराबद्दल लिहिताना आकार आला, गॅलरी आली, देखावा आला. तिथून कोण कुठे जाईल, याचं एकही वाक्य पत्रात नाही. तुमचं मन तिथेच अडलं आहे, आणि योग्य जागी अडलं आहे.

तरी आधी तुमच्या यजमानांची बाजू घेते. जागा अपुरी असणं हा खरा त्रास आहे. वाढत्या मुलीला दार लोटून बसायला कोपरा नसणं, म्हाताऱ्या माणसाला दुपारी पाठ टेकायला शांत जागा नसणं, रात्री एकाला झोपायचं असेल तर दुसऱ्याने दिवा मालवणं, यात माणसं हळूहळू एकमेकांवर खेकसायला लागतात. त्यातून बाहेर पडावंसं वाटणाऱ्या माणसाला कुणी हौशी म्हणू नये. आणि शहराच्या कडेला राहणं म्हणजे काही चूक करणं नव्हे. जगातली कितीतरी माणसं उपनगरात समाधानाने राहतात. मात्र त्यांच्यातली खरोखर सुखी कोण आणि नुसती मोठ्या घरात राहणारी कोण, हे घराच्या चार भिंतींबाहेर ठरतं. म्हणून मी तुमच्याशी बाहेरचंच बोलणार आहे.

पहिला मुद्दा वेळेचा. इटलीचे शास्त्रज्ञ चेझारे मार्केटी यांनी १९९४ मध्ये एक निरीक्षण मांडलं. त्याआधी वाहतुकीचे अभ्यासक याकोव्ह झहावी यांनी त्यावर काम केलं होतं. माणूस पायी चालणारा असो, रेल्वेने जाणारा असो की मोटारीने, दिवसाकाठी जाण्यायेण्यात तो सरासरी एक तासाच्या आसपास घालवतो. वाहन वेगवान झालं की माणूस वाचलेला वेळ घरी घेऊन येत नाही, तो आणखी लांब राहायला जातो. शहरं पसरली ती अशी. पायी चालणाऱ्यांची शहरं लहान होती, आगगाडी आल्यावर त्यांना रुळांच्या दिशेने शाखा फुटल्या, आणि मोटार आल्यावर शाखांमधली जागाही भरून निघाली. तुम्ही आज त्या एका तासाच्या आत आहात. नव्या घरी त्याच्या किती बाहेर जाल, हे रविवारच्या ५० मिनिटांवरून कळणार नाही.

समजा, कामाच्या दिवशी जाताना एक आणि येताना एक असा दोन तासांचा जादा वेळ गेला. वर्षाला कामाचे २४० दिवस धरले तर ४८० तास होतात. माणूस दिवसातले १६ तास जागा असतो, म्हणजे हे जागेपणीचे ३० दिवस झाले. वर्षातला एक अख्खा महिना, तुमचा वेगळा आणि यजमानांचा वेगळा. मुलगी ७ वर्षांची आहे. ती १७ वर्षांची होईपर्यंत तुमच्या वाट्याचे दहा महिने रस्त्यावर गेलेले असतील. मोठी खोली मिळेल, पण त्या खोलीत ती अभ्यासाला बसेल तेव्हा तुम्ही दोघं कुठल्या तरी सिग्नलला उभे असाल. हे मी घाबरवायला सांगत नाही, बेरीज केली एवढंच. ब्रुनो फ्राय आणि अलॉईस स्टुट्झर या स्वित्झर्लंडमधल्या अर्थतज्ज्ञांनी जर्मनीतल्या कुटुंबांची अनेक वर्षांची माहिती तपासली होती. लांबच्या प्रवासाची भरपाई स्वस्त किंवा मोठ्या घराने, नाहीतर चांगल्या पगाराने होत असेल, अशी अपेक्षा होती. तशी ती होताना दिसली नाही. जितका प्रवास लांब, तितकं माणसांनी स्वतःच सांगितलेलं आयुष्याचं समाधान कमी निघालं. मला वाटतं, घराच्या मोठेपणाची सवय होते, पण रोजच्या खोळंब्याची होत नाही. कारण खोळंबा रोज नव्याने वेगळा असतो.

आता तो आठपदरी रस्ता. तुम्ही दोघांनी या एका गोष्टीवर खूप भार टाकला आहे, म्हणून जरा थांबून सांगते. रस्ता रुंद झाला की पहिले काही महिने खरंच मोकळं वाटतं. पण त्या मोकळेपणाची बातमी सगळ्यांपर्यंत जाते. आधी गर्दी टाळून उशिरा निघणारे वेळेवर निघू लागतात. रेल्वेने जाणारे काही जण गाडी काढतात. आणि मुख्य म्हणजे, त्याच रस्त्याच्या भरवशावर पुढे ३५ आणि ४० किलोमीटरवर नव्या वसाहती उठतात. त्यांतली माणसंही सकाळी तुमच्याच रस्त्याने शहराकडे निघतात. अमेरिकेतल्या शहरांचा अभ्यास करून ड्युरँटन आणि टर्नर या अर्थतज्ज्ञांनी २०११ मध्ये दाखवलं की महामार्गाची लांबीरुंदी ज्या प्रमाणात वाढते, जवळपास त्याच प्रमाणात त्यावरची वाहतूकही वाढते. ह्यूस्टन शहरातला केटी फ्रीवे २००८ पर्यंत रुंद करून झाला. बाजूचे सेवारस्ते धरले तर काही ठिकाणी तो २६ मार्गिकांचा आहे. तरीही २०११ ते २०१४ या तीन वर्षांत संध्याकाळच्या गर्दीत त्यावरून जायला लागणारा वेळ निम्म्याहून जास्त वाढला. तेव्हा रस्ता होईल की नाही यावर तुम्ही यजमानांशी वाद घालू नका. तो होईलही. झाल्यावर पाच वर्षांनी तो कसा असेल, एवढंच विचारा.

आणि होईपर्यंत काय? जपानमध्ये टोकियोच्या पश्चिमेला तामा न्यू टाउन नावाची प्रचंड मोठी वसाहत सरकारी नियोजनातून उभी राहिली. पहिली कुटुंबं १९७१ मध्ये राहायला आली आणि रेल्वे पोहोचली १९७४ मध्ये. नियोजनात काटेकोर समजल्या जाणाऱ्या देशातही तीन वर्षं लोक जमिनीवरच्या बेटासारखे राहिले. त्या वसाहतीची दुसरी गोष्ट तुमच्या घराला जास्त लागू आहे. तिथे एकाच वयाची कुटुंबं एकाच वेळी आली, म्हणून ती म्हातारीही एकाच वेळी झाली. चढावरचे रस्ते आणि लिफ्ट नसलेल्या पाच मजली इमारतींचे जिने तिशीत कुणाला जाणवले नव्हते, ते सत्तरीत डोंगर झाले. तुमच्याकडे तर सत्तरीतलं माणूस पहिल्या दिवसापासून बरोबर आहे.

सासूबाईंबद्दल मी अधिक लिहिणार आहे, कारण पत्रात त्यांचं मत काय हे कुठेच नाही.

मी लग्नानंतर ११ वर्षं एका मोठ्या शहराच्या कडेला राहिले. चौथ्या वर्षी आई माझ्याकडे राहायला आली. तेव्हा ती ७० वर्षांची होती आणि रोज तासभर फिरायची तिची सवय होती. आमच्या वसाहतीच्या आत गुळगुळीत वाट होती, बाकं होती, पण सगळी मिळून ती एक फेरी सात मिनिटांची. आईला कुठे तरी जायचं असायचं, गोल फिरायचं नसायचं. फाटकाबाहेर मुख्य रस्ता होता आणि त्याला पदपथ नव्हता. डांबर जिथे संपायचं तिथे चार बोटं उंच कड होती, खाली खडी. ट्रक येताना दिसला की आई कडेवरून खाली उतरायची, काठी खडीत रोवायची आणि डोळे मिटून उभी राहायची. धूळ बसली की पुन्हा कडेवर चढायची. एका बसथांब्यापर्यंतच्या वाटेत हे आठदहा वेळा. महिन्याभरात ती फाटकापर्यंतच जाऊ लागली. पुढे तेही थांबलं. तक्रार तिने एकदाही केली नाही. "आज जरा पाय दुखतायत" एवढंच म्हणायची, आणि मी बरेच महिने ते खरं मानलं.

म्हणून कुणी नव्या घराविषयी विचारलं की मी खोल्या विचारत नाही. बस कुठे थांबते, विचारते. नगररचनेत साधा ठोकताळा आहे की बसथांबा ४०० मीटरच्या आत असावा, म्हणजे धडधाकट माणसाला पाच मिनिटं, आणि रेल्वेचं स्थानक ८०० मीटरच्या आत. ही मोजणी पायाखालच्या वाटेने करायची, नकाशावर पट्टी ठेवून नाही. नव्या वसाहतींत बंद टोकाच्या गल्ल्या आणि लांबच लांब कुंपणं असतात. त्यामुळे भिंतीपलीकडे दिसणारी शाळा हाकेच्या अंतरावर वाटते आणि पोहोचायला दीड किलोमीटरचा वळसा पडतो. अमेरिकेत क्लेरेन्स पेरी यांनी १९२९ मध्ये वस्तीची जी कल्पना मांडली तिचा मध्यबिंदू प्राथमिक शाळा होती. मोठा रस्ता न ओलांडता मूल चालत शाळेत पोहोचेल एवढीच वस्ती मोठी असावी, मोठे रस्ते तिच्या कडेने जावेत. जवळपास शंभर वर्षं झाली, त्यांच्या बाकीच्या कल्पनांवर पुष्कळ टीका झाली, पण ही कसोटी मला अजून पटते. तुमची मुलगी आज ती रोज पार करते. नव्या ठिकाणी १२ वर्षांची झाल्यावर तिला मैत्रिणीकडे, वाचनालयात, मैदानावर एकटीला जाता येईल का? की तिच्या प्रत्येक जाण्यायेण्याला तुमच्यापैकी कुणी तरी गाडी घेऊन हजर लागेल?

आता गॅलरीतल्या शेतांकडे येते. हा मुद्दा मला सगळ्यांत महत्त्वाचा वाटतो.

माझ्याही खिडकीसमोर शेत होतं. संध्याकाळी पक्ष्यांचे थवे उतरायचे. आई यायच्या थोडं आधी, एका सकाळी, चार माणसं फिती घेऊन आली आणि त्यांनी शेतात चुन्याच्या रेषा मारल्या. सहा महिन्यांत भिंत, वर्षभरात गोदामं. मग रात्रभर मालट्रक मागे घेतानाचा आवाज, तो टूं टूं टूं, आणि त्यांचे दिवे आमच्या छतावर फिरायचे. आमची फसवणूक झाली असं वाटून आम्ही सगळे रहिवासी तक्रार घेऊन नियोजनाच्या कचेरीत गेलो. तिथल्या माणसाने शांतपणे एक नकाशा पसरला. आमच्या इमारतींवर पिवळा रंग होता आणि समोरचा सगळा पट्टा जांभळा, म्हणजे उद्योगांसाठी. तो नकाशा आम्ही घर घेण्याच्या सहा वर्षं आधी मंजूर झाला होता आणि कुणालाही बघायला खुला होता. गोदामवाल्याने काहीच नियमाबाहेर केलं नव्हतं. आम्ही शेत पाहिलं होतं, त्या जमिनीचं ठरलेलं भविष्य पाहिलं नव्हतं.

घर विकत घेताना आजूबाजूची जमीन आपण विकत घेत नाही, पण दिवस तिच्यावरच काढतो. तेव्हा पैसे भरण्याआधी त्या भागाचा विकास आराखडा बघाच. रंगांची सूची नकाशाच्या कोपऱ्यात असते, ती आधी वाचा, कारण सगळीकडे रंग सारखे असतीलच असं नाही. तुमच्या गॅलरीसमोरच्या जमिनीवर कुठला वापर दाखवला आहे? रहिवासी असेल तर उद्या तिथे तुमच्यासारखीच इमारत येईल आणि तिच्या गॅलरीतून तुमचं घर दिसेल. शेती दाखवली असेल, तर त्या भागात शेतीचा पट्टा बदलून घेण्याचं प्रमाण काय आहे तेही चौकशी करून कळतं. शाळा, दवाखाना, मैदान यांच्यासाठी राखलेल्या जागा कुठे आहेत? त्यांच्यावर आज काय उभं आहे? आराखड्यातला रस्ता तुमच्या वसाहतीच्या भिंतीपासून किती अंतरावरून जातो? आठपदरी रस्ता घराजवळ हवा असतो, पण खिडकीखाली कुणालाच नको असतो.

पाण्याची वाट तर हमखास बघा. २०१७ मध्ये हार्वे वादळाच्या पावसात ह्यूस्टनच्या पश्चिमेकडच्या हजारो घरांत पाणी शिरलं. ॲडिक्स आणि बार्कर नावाचे दोन मातीचे बांध तिथे १९४० च्या दशकात पूर अडवण्यासाठी बांधले होते. एरवी त्यांच्यामागची जमीन कोरडी असते. पुराचं पाणी साठायच्या त्या पट्ट्यातली सगळी जमीन सरकारने ताब्यात घेतलेली नव्हती. पुढे शहर तिथवर पसरलं आणि त्या उरलेल्या जमिनीवर वसाहती झाल्या. काही वसाहतींच्या मंजूर नकाशांवर बारीक अक्षरांत लिहिलेलंही होतं की ही जागा जलाशयालगत आहे आणि इथे पाणी साठवलं जाऊ शकतं. बहुतेक घरमालकांना ते पाणी घरात आल्यावर कळलं. शेत आणि माळ पाऊस पितात, छपरं आणि डांबर पीत नाहीत. वरच्या अंगाला जितकं बांधकाम वाढेल तितकं पाणी खालच्या अंगाला जास्त आणि लवकर येतं. तुमची वसाहत उतारावर कुठे बसते, जवळचा ओढा कुठून कुठे जातो, तो भिंतींत कोंडला आहे का, हे तिथल्या जुन्या रहिवाशांना विचारा. नकाशात नसलेली गोष्टही त्यांना ठाऊक असते.

तुमच्या मनातल्या सलाबद्दल आता. तुम्ही हा प्रश्न भीतभीत, शेवटी विचारलात. मला तो विचारणारी माणसं फार आवडतात.

शहराकडे माणसं येत राहणार, कुटुंबं वाढत राहणार, त्यांना घरं लागणार. त्यात अपराध कुणाचाच नाही. ती घरं कुठे आणि कशी होऊ द्यायची, हे मात्र ठरवता येतं, आणि ते ठरवून दाखवणारी ठिकाणं आहेत. इंग्लंडमधले नगररचनेचे विचारवंत एबेनेझर हॉवर्ड यांनी १८९८ मध्येच मांडलं होतं की वाढ थोपवू नका, तिला आकार द्या. त्यांच्या कल्पनेत ६००० एकरांपैकी गाव बसायचं १००० एकरांवर, बाकी ५००० एकर शेती आणि मोकळी जमीन कायमची राखायची, आणि लोकसंख्या ३२,००० झाली की पुढचं गाव त्या हिरव्या पट्ट्यापलीकडे, रेल्वेने जोडलेलं. १९०३ मध्ये इंग्लंडमध्ये लेचवर्थ त्याच विचाराने सुरू झालं. कोपनहेगनने १९४७ मध्ये हाताच्या पंजासारखा आराखडा केला. तळवा म्हणजे जुनं शहर, बोटं म्हणजे उपनगरी रेल्वेच्या मार्गांवरची वस्ती, आणि दोन बोटांमधली जागा हिरवी ठेवायची. बोटावर कुठेही राहिलात तरी एका बाजूला स्थानक आणि दुसऱ्या बाजूला मोकळं रान फार लांब नसतं. स्टॉकहोमजवळ १९५४ मध्ये सुरू झालेल्या व्हेलिंगब्यू उपनगरात काम, घर आणि बाजारहाट या तिन्ही गोष्टी भुयारी रेल्वेच्या स्थानकाभोवती एकत्र बांधल्या. सगळ्यांनाच काम तिथे मिळालं नाही, बरेच जण रेल्वेने शहरात जात राहिले, पण चालत स्थानकावर गेले. ही सगळी उपनगरंच आहेत.

याउलट नुसती बंदी घातली की वाढ उडी मारते. दक्षिण कोरियाची राजधानी सोल, तिच्याभोवती १९७१ मध्ये हरितपट्टा आखला गेला. पट्टा बराचसा टिकला, पण वस्ती त्याच्या पलीकडे जाऊन बसली आणि माणसं तो पट्टा ओलांडून रोज कामाला येऊ लागली. शहराच्या आत घरं बांधू द्यायची नाहीत आणि बाहेर पसरूही द्यायचं नाही, असं दोन्ही एकदम चालत नाही. न्यूझीलंडमधल्या ऑकलंडने २०१६ मध्ये आतल्या बहुतेक रहिवासी भागांत एकाच्या जागी अनेक घरं बांधायला मोकळीक दिली, आणि त्यानंतर तिथे घरबांधणी खरोखरच वाढली. तुमच्यासारख्या कुटुंबाला शहरात तीन खोल्या परवडत नाहीत, याचं मोठं कारण म्हणजे शहराच्या आत अशा खोल्या पुरेशा बांधल्याच जात नाहीत. तेव्हा अपराधाचं ओझं डोक्यावरून उतरवा. जागेची निवड मात्र विचाराने करा, कारण त्या निवडीचा खर्च तुमच्या नंतरही चालू राहतो. विरळ वस्तीत एकेका घरामागे नळाची, गटाराची, रस्त्याची लांबी जास्त लागते. नवं असताना ती बिल्डर बांधून देतो. तीस वर्षांनी नळ फुटायला लागतात तेव्हा ती दुरुस्ती तिथे राहणाऱ्या थोड्या माणसांच्या अंगावर पडते.

आता तुम्ही दोघांनी, आणि दोघांनी म्हणजे तिघांनी, एक काम करा. येत्या मंगळवारी सुट्टी काढा. रविवारी त्या रस्त्यावर कुणीच नसतं. सोमवार आणि शुक्रवार हेही नेहमीसारखे नसतात, मंगळवार खरा. आदल्या रात्रीच जमलं तर त्या भागात मुक्काम करा आणि सकाळी, ऑफिसला जायला निघाल त्याच वेळी, वसाहतीच्या फाटकातून निघून यजमानांच्या ऑफिसच्या दारापर्यंत जा. घड्याळ लावा. संध्याकाळी सुटायच्या वेळी उलट या. मधल्या वेळात विक्रीवाल्याला न सांगता वसाहतीत परत जाऊन पायी फिरा. शाळेपर्यंत चाला. डॉक्टरांच्या दवाखान्यापर्यंत चाला. बसथांब्यावर बसून बघा, अर्ध्या तासात किती बसेस येतात. अंधार पडल्यावर रस्त्यावरचे दिवे लागतात का, बघा. तिथे राहायला आलेलं एखादं कुटुंब गाठा आणि एवढंच विचारा: पाणी कुठून येतं आणि सांडपाणी कुठे जातं? या दोन प्रश्नांची उत्तरं चाचरत आली तर मला नव्याने काही सांगायला नको.

माझं मत विचारलंत, तर तुम्ही लिहिलंय तेवढ्यावरून हे घर मी घेणार नाही. शहर सोडूच नका, असं मात्र मी म्हणत नाही. रेल्वे जिथे आजच धावते आहे अशा जुन्या उपनगरात, स्थानकापासून चालत जाता येईल अशा ठिकाणी, या घरापेक्षा एक खोली कमी असलेलं घर शोधा. तिथली झाडं वाढलेली असतात, शाळेत मुलं असतात, समोर काय येणार ते बहुतेक आलेलं असतं. इमारत जुनी असेल, रंग उडालेला असेल. टेबलापुरता कोपरा मात्र निघेल, आणि सासूबाईंना वाचनालय सापडेल. यजमानांना हे लगेच आवडणार नाही, कारण त्यांनी गॅलरी पाहिली आहे. त्यांच्याशी भांडू नका. मंगळवारच्या फेरीत गाडी त्यांनाच चालवू द्या.

आणि सगळं पाहूनही तुम्ही तिथेच जायचं ठरवलंत, तर गेल्यावर दोन गोष्टींसाठी माझ्याकडून आग्रह. आराखड्यावर हरकती मागवल्या जातात तेव्हा पदपथ, शाळेची जागा आणि बससाठी लेखी मागणी द्या, शक्य तितक्या शेजाऱ्यांच्या सह्यांनी. मोकळा प्लॉट पडून असतो तोपर्यंतच या गोष्टी मिळतात. आणि शेजारी दुसरी इमारत यायला निघाली की केवळ आपला देखावा जातो म्हणून तिला अडवायला जाऊ नका. बस परवडण्याइतकी माणसं तिथे असल्याशिवाय बस येत नाही. तुमच्या गॅलरीवरूनही काल कुणाचा तरी देखावा गेलाच असेल.

महिन्याची मुदत विक्रीवाल्याने घातली आहे, तुमच्या घरातल्या कुणी नाही. ती टळली तर असंच घर पुन्हा मिळतं.

मंगळवारी सासूबाईंना बरोबर न्यायला विसरू नका. त्यांना गाडीतून दाखवू नका. फाटकापाशी उतरवा, काही सुचवू नका आणि थोडं मागे राहून चाला. त्या बाहेर पडून कुठल्या दिशेला वळल्या, किती अंतर गेल्या आणि कुठून परत फिरल्या, तेवढं मला कळवा.